घाटवाटांचे पदभ्रमण

सह्याद्रीच्या मुख्य धारेवरून कोकण व घाटमाथा यांना जोडणाऱ्या जुन्या पायवाटांनी, वाटेतील खेड्यांत मुक्काम करीत केलेला डोंगरी प्रवास. गिर्यारोहणात शिखर गाठावयाचे असते, दुर्गभ्रमणात गड पाहावयाचा असतो. घाटवाटेच्या पदभ्रमणात मात्र एका गावाहून निघून दुसऱ्या गावास पोहोचणे एवढेच उद्दिष्ट असते. त्यामुळे पायथ्याचे व माथ्याचे गाव ही या प्रवासाची केवळ सोय नसून त्याचे आवश्यक अंग होय. हिमालयातील आडवळणाच्या दऱ्यांतून गावोगावच्या घरांत उतरत जाण्याचा जो प्रकार गेल्या काही दशकांत रूढ झाला, त्याला महाराष्ट्रात सर्वांत जवळचा असा हाच प्रकार आहे. (पहा : गिर्यारोहण, सह्याद्री).

घाट हा शब्द मराठीत डोंगर व डोंगर उतरण्याची वाट अशा दोन्ही अर्थांनी वापरला जातो. वाटेच्या स्वरूपानुसार स्थानिक बोलीत तिला निरनिराळी नावे आहेत. दोन कड्यांमधील अरुंद, दगडधोंड्यांनी भरलेल्या घळीतून चढणारी ती नाळ किंवा नळी. डोंगराच्या पुढे आलेल्या सोंडेवरून जाणारी ती धार. लाकडी अथवा लोखंडी शिडी लावल्यावाचून जी पार होत नाही, ती शिडीची किंवा निसणीची वाट. दोन शिखरांमधील खोलगट जागा ती खिंड. गुरे चढू शकतात ती ढोरवाट, आणि डोक्यावर ओझे घेतलेला मनुष्य चढू शकतो परंतु गुरू चढू शकत नाही, ती नुसती पायवाट. हा भेद महत्त्वाचा आहे. कारण बैलांचे तांडे जाऊ शकत तेच घाट व्यापाराचे झाले व त्यांवर जकातीची ठाणी बसली. उरलेल्या वाटा आसपासच्या दोन-चार गावांच्या सोयरिकीपुरत्या, बाजारापुरत्या व देवदर्शनापुरत्या राहिल्या. आज पदभ्रमण करणाऱ्यांना ज्यांचे आकर्षण वाटते, त्या बहुधा या दुसऱ्या प्रकारच्या वाटा होत.

भूरचना : महाराष्ट्रातील सह्याद्री हा सु. साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाप्रवाहांचे थर एकावर एक साचून झालेल्या बेसाल्ट खडकाचा आहे. घट्ट बेसाल्टाचे थर उभ्या कड्यांच्या रूपाने टिकून राहतात. त्यांच्या मधले सच्छिद्र व लाल मातीचे थर लवकर झिजतात व तेथे रुंद पायऱ्या निर्माण होतात. अशा मधल्या पायरीस पदर म्हणतात. पदरावर दाट झाडी असते. पायथ्याचे गाव समुद्रसपाटीपासून सु. ५० ते १५० मी., तर घाटमाथ्यावरचे गाव ६०० ते ७०० मी. उंचीवर असते. म्हणजे एका चढात सु. साडेपाचशे मीटरांची उंची गाठावी लागते. घाटवाटेची रचना पाहिली म्हणजे ही थरांची मांडणी वाट पाडणाऱ्यांना किती नेमकी ठाऊक होती, याची कल्पना येते. वाट प्रथम एखाद्या सोंडेवरून पदरापर्यंत चढते. तेथून कड्याच्या पोटाशी आडवी जाते. आणि जेथे कडा फुटला आहे, तेथे नाळ गाठून माथ्यावर निघते. नवख्या माणसाची वाट चुकते ती बहुतेक या आडव्या चालीत. कारण झाडीमुळे वरचा कडा दिसत नाही आणि गुरांच्या पुष्कळ वाटा एकमेकींत मिसळलेल्या असतात.

घाटमाथ्यावर पावसाचे मान मोठे, काही ठिकाणी वर्षाला ५,००० मिमी.हूनही अधिक असते. तरीही फाल्गुन-चैत्रात याच गावांतील स्त्रिया दोन-दोन हंड्यांसाठी डोंगर उतरतात. उतार तीव्र, मातीचा थर पातळ व खालचा बेसाल्ट पाणी फारसे न मुरू देणारा, त्यामुळे पावसाचे पाणी वाहून जाते. झिजलेल्या सच्छिद्र थरातून जे थोडे पाणी पाझरते, तेथेच झरे असतात. प्राचीन काळी खोदलेली पाण्याची टाकीही अशाच जागा हेरून खोदलेली दिसतात. वाटेवरील पाणवठा कोणत्या महिन्यापर्यंत टिकतो, हे नकाशावरून कळत नाही.

इतिहास : या वाटांपैकी सर्वांत प्रसिद्ध नाणेघाट होय. मुरबाड तालुक्यातील वैशाखरे व जुन्नर तालुक्यातील घाटघर यांना जोडणारा हा घाट सातवाहनकाळी कल्याण व सोपारा या बंदरांकडून जुन्नरकडे जाणाऱ्या मालाचा मार्ग होता. घाटाच्या तोंडाशी असलेल्या लेण्यात सातवाहन राणी नागनिका हिचा ब्राह्मी लिपीतील लेख असून त्यातील अंकचिन्हे भारतातील संख्यालेखनाच्या इतिहासात महत्त्वाची मानली जातात. जवळचा दगडी रांजण जकातीचा असल्याची समजूत आहे. बोरघाटाच्या परिसरातील कोंढाणे, कार्ले, भाजे व बेडसे या लेण्यांची स्थानेही खालच्या व वरच्या मार्गांशी संबंधित आहेत.

कोकणातून वर मीठ, सुकी मासळी, तांदूळ व नारळ, तर वरून खाली धान्य, गूळ, तूप, मिरची व कांदा असा माल वंजारी व लमाण यांच्या बैलांवरून जात असे. पनवेल हे अशा व्यापाराचे मोठे ठाणे होते. मुंबईहून होडीने पनवेलच्या खाडीत उतरून पुढे बोरघाटाने पुण्यास जाण्याचा प्रघात होता. लष्करी दृष्ट्याही घाटांना मोल होते. १६६१ मध्ये कुरवंडे घाटाने कोकणात उतरणाऱ्या कारतलबखानाच्या फौजेस शिवाजी महाराजांनी चावणी गावाजवळील उंबरखिंडीत कोंडून शरण आणले. अरुंद जागी पाण्यावाचून अडकलेली फौज संख्येने मोठी असूनही निरुपयोगी ठरली. केळदहून महाडकडे उतरणाऱ्या मढे घाटाने तानाजी मालुसरे यांचा देह त्यांच्या गावी नेला, अशी परंपरागत समजूत आहे.

१८३० मध्ये बोरघाटातून गाडीरस्ता सुरू झाला. १८६३ मध्ये बोरघाटातून आणि १८६५ मध्ये थळघाटातून आगगाडी धावू लागली. पुढे इतर घाटांतही रस्ते झाले, तसा पायघाटांवरील व्यापार संपुष्टात आला. परंतु माणसांचा राबता लगेच थांबला नाही. घाटमाथ्यावरच्या खेड्यास तालुक्याचे गाव दूर व खालचा बाजार जवळ, अशी स्थिती विसाव्या शतकाच्या उत्तरार्धापर्यंत पुष्कळ ठिकाणी होती. आठवड्याचा बाजार, दळण, दवाखाना, लेकीबाळींचे माहेर या सर्वांसाठी लोक घाट चढत-उतरत. गावापर्यंत डांबरी सडक व तीवरून एस. टी. आल्यावर हे कारण उरले नाही. खालच्या गावी जाण्यास सडकेने फेरा पडतो, परंतु तो बसून होतो.

वाट माणसांच्या पायांनी राहते, हे घाटवाटांच्या बाबतीत शब्दशः खरे आहे. दोन-तीन पावसाळे राबता नसला, तर कारवी वाट झाकते. दरडीचे दगड नाळेत येऊन पडतात. पदरावरील आडवी वाट एखाद्या ओढ्याच्या वळणावर तुटते. पूर्वी दरवर्षी पावसाळ्यानंतर गावकरी कोयता घेऊन वाट मोकळी करीत, तुटल्या जागी दगड रचीत. ते काम कोणी सांगितलेले नसे, म्हणून ते थांबल्याची नोंदही कोठे झाली नाही. भारतीय सर्वेक्षण विभागाच्या नकाशांवर तुटक रेघांनी दाखविलेल्या कित्येक वाटा आज जागेवर सापडत नाहीत.

वनहक्क व वाटेचा हक्क : घाटवाटा बहुतांशी वनखात्याच्या जमिनीतून जातात. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात जंगले राखीव झाली, तेव्हा डोंगरातील लोकांचे लाकूडफाटा, चराई, कंदमुळे यांवरील परंपरागत हक्क आक्रसले. या संकोचाविरुद्ध झालेल्या चळवळींत उरण तालुक्यातील चिरनेरचा जंगल सत्याग्रह विशेष प्रसिद्ध आहे. २५ सप्टेंबर १९३० रोजी गावाजवळील अक्कादेवीच्या डोंगरावर जंगलचा कायदा मोडण्यास जमलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळीबार केला व त्यात आठ सत्याग्रही हुतात्मे झाले. त्यांत नाग्या महादू कातकरी या आदिवासी तरुणाचा समावेश होता. चिरनेरची हकीकत स्वातंत्र्यलढ्याच्या इतिहासात सांगितली जाते, हे योग्यच आहे. परंतु डोंगरात कोणी व कोणत्या हक्काने वावरावे, हा जो प्रश्न तेथे उभा राहिला, त्याचा संबंध पदभ्रमणाशीही पोहोचतो.

भारतीय वन अधिनियम, १९२७ अन्वये राखीव वनातील सार्वजनिक अथवा खाजगी वाट राज्य शासनाच्या पूर्वसंमतीने बंद करण्याचा अधिकार वनाधिकाऱ्यास आहे. मात्र तिच्याऐवजी बऱ्यापैकी सोयीची दुसरी वाट उपलब्ध असली पाहिजे अथवा करून दिली पाहिजे. म्हणजे वाटेचा हक्क कायद्यास अपरिचित नाही. अनुसूचित जमाती व इतर पारंपरिक वननिवासी (वनहक्क मान्यता) अधिनियम, २००६ या कायद्याने गौण वनोपज, चराई व गावाच्या सामूहिक वनांचे रक्षण यांवरील हक्कांस मान्यता दिली. भीमाशंकर व जुन्नर भागांत महादेव कोळी कुटुंबांना हिरडा गोळा करून जे उत्पन्न मिळते, ते अशा हक्काचे उदाहरण होय. हिरड्यासाठी फिरणारी, गुरे राखणारी, मध काढणारी माणसेच आडवाटा जाणतात. त्यांचा जंगलातील वावर संपला, तर वाटाड्याही संपतो.

मुक्कामाची रीत : पूर्वी वाटसरूने देवळात, पारावर किंवा पाटलाच्या ओटीवर पथारी टाकावी, असा संकेत होता. मुंबई-पुण्याकडील गिरिभ्रमण मंडळांची तरुण मुले विसाव्या शतकाच्या मध्यानंतर या डोंगरांत मोठ्या संख्येने येऊ लागली, तेव्हा त्यांनीही हीच रीत उचलली. ती आपल्याबरोबर शिधा आणीत, तो ज्या घरी द्यावा तेथे भाकरी-पिठले रांधून मिळे. पैशांची गोष्ट काढणे घरच्यांना अपमानकारक वाटे. हळूहळू शिध्याची जागा रोकडीने घेतली, आणि आज माणशी ठरावीक दराने जेवण, चहा-न्याहारी व झोपण्यास सारवलेली पडवी असा व्यवहार पुष्कळ गावांत रूढ आहे. जेवणात तांदळाची किंवा नाचणीची भाकरी, पिठले अथवा एखादी उसळ, आमटी-भात व ठेचा असतो. निवास व न्याहारी या नावाची योजना महाराष्ट्र पर्यटन विकास महामंडळाने राबविली आहे, व साहसी पर्यटनाविषयीचे धोरण राज्य शासनाने २०२१ मध्ये जाहीर केले. तथापि घाटवाटांवरील बहुतेक मुक्काम ओळखीवर व निरोपावर चालतात.

हा बदल निकोप आहे की नाही, याविषयी मतभेद आहेत. आदरातिथ्य विकले गेले, अशी खंत जुनी मंडळी व्यक्त करतात. परंतु पूर्वीच्या फुकट पाहुणचाराचा भार कोणावर पडत होता, याचा विचार त्या खंतीत सहसा नसतो. पहाटे उठून वीस माणसांच्या भाकऱ्या थापणारी व त्यांच्यासाठी पाणी वाहणारी स्त्री त्या आठवणींत क्वचितच येते. दर ठरल्याने निदान तिच्या श्रमाला किंमत आली. खरी अडचण वेगळी आहे. सडकेच्या जवळचे किंवा बोलकी माणसे असलेले एखाद-दुसरे घरच सर्व पाहुणे घेते व बाकीच्या गावास केवळ गोंगाट व कचरा मिळतो. लडाखमध्ये या शतकाच्या आरंभापासून हिमबिबट्यांच्या संरक्षणाच्या कामाशी जोडून रुंबक इ. गावांत घरगुती निवासाची जी व्यवस्था उभी राहिली, तिच्यात पाहुणे घराघरांत पाळीपाळीने पाठविले जातात. आपल्याकडील गावांत भातलावणीसारखी कामे पाळीने करण्याची चाल आहेच. तीच पाहुण्यांस लावता येण्याजोगी आहे.

हिमालयाशी तुलना येथवरच खरी. तेथील प्रवास कित्येक दिवसांचा, तीन-चार हजार मीटर उंचीवरून चालणारा व बर्फ वितळण्याच्या काळाशी बांधलेला असतो. विरळ हवेचा त्रास हा तेथील मोठा धोका होय. घाटवाटेवर उंचीचा प्रश्न नाही. एक वाट तीन ते पाच तासांत चढून होते, आणि एका वाटेने उतरून, रात्र तळच्या गावी काढून, दुसरीने चढण्याचा दोन दिवसांचा क्रम सर्वसाधारण आहे. मोहरी गावाहून बोराट्याच्या नाळेने लिंगाण्याच्या पायथ्याकडे उतरावे व दापोली (ता. महाड) येथून सिंगापूर नाळेने वर यावे, हा त्याचा एक परिचित नमुना. उन्हाचा ताप, पाण्याचा अभाव व घसाऱ्याची माती हे येथील खरे प्रतिस्पर्धी.

चिरनेर ते घाटमाथा : पनवेलच्या नैर्ऋत्येस असलेल्या चिरनेरपासून पूर्वेकडे राजमाचीपर्यंत सरळ रेषेत चाळीस किमी.पेक्षाही कमी अंतर आहे. एवढ्या टापूत पायवाटेची व तिच्यावरील गावाची निरनिराळी स्थिती पाहावयास मिळते.

कोकण व बोरघाट यांमधील मार्गावर लक्ष ठेवणारा कर्नाळा किल्ला आपल्या अंगठ्यासारख्या सुळक्यामुळे दुरूनही ओळखू येतो. त्याचा परिसर १९६८ पासून पक्षी अभयारण्य आहे. गडावर वस्ती नाही. येथे येणारा सकाळी चढतो व दुपारी उतरतो. ईशान्येकडे प्रबळगड व त्याच्या शेजारी कलावंतीण हा सुळका आहे. पनवेल तालुक्यातील ठाकूरवाडीहून सु. दोन तासांच्या चढणीवर लागणाऱ्या प्रबळमाचीतील आदिवासी कुटुंबे पाहुण्यांस उतरवून घेतात. कड्यात खोदलेल्या पायऱ्यांच्या छायाचित्रांमुळे कलावंतिणीस गर्दी फार वाढली आणि सुटीच्या दिवशी त्या अरुंद पायऱ्यांवर चढणारे व उतरणारे एकमेकांस अडवितात. प्रबळमाचीस पर्यटनाने उत्पन्न दिले. पण सामान वाहून नेण्यास आजही पाठ व डोके हीच साधने आहेत.

प्रबळगडाच्या दक्षिणेस, खालापूर तालुक्यातील इरशाळगडाच्या उतारावर इरशाळवाडी ही ठाकरांची वाडी होती. चौकजवळून पायवाटेने वर यावे, वाडीत पाणी प्यावे, वाटाड्या घ्यावा व गडाच्या नेढ्याकडे जावे, असा गडावर जाणाऱ्यांचा परिपाठ होता. १९ जुलै २०२३ च्या रात्री मुसळधार पावसात डोंगराची दरड वाडीवर कोसळली. सत्तावीस मृतदेह हाती लागले. सत्तावन्न माणसे बेपत्ता राहिली व चार दिवसांनी शोधकार्य थांबविण्यात आले. वाडीपर्यंत सडक नसल्याने यंत्रसामग्री वर नेता आली नाही आणि मदत करणाऱ्यांना, खोपोली भागातील गिरिभ्रमण करणाऱ्या कार्यकर्त्यांसह, त्याच पायवाटेने अंधारात व चिखलात चढावे लागले. वाचलेल्या कुटुंबांचे पुनर्वसन पायथ्याशी चौक परिसरात करण्यात आले. पाहुण्यांस रम्य वाटणारे अशा वाड्यांचे स्थान, म्हणजे वर कडा, खाली उतार व सडकेपासून दूर, हेच त्यांच्या धोक्याचे कारण असते. ३० जुलै २०१४ रोजी आंबेगाव तालुक्यातील माळीण व २२ जुलै २०२१ रोजी महाड तालुक्यातील तळिये या गावांवरही दरडी कोसळून मोठी प्राणहानी झाली होती.

कर्जत तालुक्यातील कोंदिवडे येथून कोंढाणे लेण्यांवरून चढणारी वाट राजमाचीच्या उधेवाडी या गावात पोहोचते. श्रीवर्धन व मनरंजन या दोन बालेकिल्ल्यांच्या कुशीतील या गावात पदभ्रमण करणाऱ्यांस घरोघरी जेवण व मुक्काम मिळण्याची परंपरा जुनी आहे. पावसाळ्याच्या तोंडावर काजवे पाहण्यास येथे मोठी गर्दी लोटते व वाहनेही येतात. याउलट थोडे उत्तरेस, भिवपुरीहून मावळ तालुक्यातील कुसूर गावी जाणारा कुसूर घाट एके काळचा राबता मार्ग असून आता त्यावर रहदारी फार थोडी आहे. एका वाटेवर पाय ठेवण्यास जागा नाही व शेजारच्या वाटेस पाय लागत नाहीत, ही विषमता सबंध सह्याद्रीत दिसते. आडवाटेवरच्या गावी वर्षाकाठी दहा-पंधरा तुकड्या जरी मुक्कामास आल्या, तरी वाटाड्याला वाट साफ ठेवण्याचे कारण मिळते आणि त्याच्या मुलाला ती वाट पाहून ठेवण्याचे.

वाटाड्या व दक्षता : घाटवाटेसाठी वाटाड्या त्याच घाटाच्या तळच्या किंवा माथ्याच्या गावातील असावा. एका घाटाचा जाणकार दोन खोऱ्यांपलीकडच्या घाटात परका असतो. उपग्रहांच्या साह्याने स्थान दाखविणारी साधने आता प्रत्येकाच्या खिशात आहेत व पूर्वी कोणी चालून गेलेल्या मार्गाची रेघ त्यांवर उतरवून घेता येते. तिचा उपयोग निर्विवाद आहे; परंतु गेल्या पावसाळ्यात नाळेतील कोणता दगड हलला, मधमाश्या यंदा कोणत्या कड्यावर बसल्या आहेत व टाक्यात पाणी आहे की नाही, हे ती सांगू शकत नाही. माथ्यावरच्या गावी मुक्काम ठरला असल्यास आदल्या दिवशी निरोप पोहोचलेला असावा. त्यायोगे जेवणाची सोय होते, आणि संध्याकाळपर्यंत माणसे वर आली नाहीत, तर शोध घेण्यास कोणीतरी निघते.

कार्तिक ते माघ हा काळ सर्वांत अनुकूल होय. पावसाळ्यात नाळ हीच ओढ्याची वाट असल्याने वरच्या अंगास झालेल्या पावसाचा लोंढा क्षणात खाली येतो. त्या दिवसांत नाळेने जाऊ नये. धारेची वाटही शेवाळामुळे निसरडी होते. उन्हाळ्यात माणशी किमान तीन-चार लिटर पाणी बरोबर घ्यावे व उन्हे चढण्याच्या आत कडा मागे टाकावा. नाळेत चढताना वरच्याने सोडवलेला दगड खालच्यावर येतो, म्हणून तुकडीने एकमेकांत फार अंतर न ठेवता किंवा एकेकाने आडोशाच्या जागेपर्यंत पोहोचून मग दुसऱ्यास बोलावून चढावे. खोबण्यांच्या जागी दोर लावावा. मागच्या कोणी सोडलेल्या दोरावर विसंबू नये. आग्या मोहोळाच्या कड्याखाली धूर, उग्र वासाची अत्तरे व आरडाओरडा टाळावा. माश्या उठल्यास डोके व तोंड झाकून झाडीच्या आडोशाने दूर जावे. फुरसे व घोणस हे विषारी साप दगडांच्या सांदीत व वाळल्या पाचोळ्यात आढळतात. दंश झाल्यास अवयव हलू न देता, जखम न कापता व न चोखता, मनुष्यास डोलीतून खालच्या गावी व तेथून प्रतिविष उपलब्ध असलेल्या जवळच्या रुग्णालयात न्यावे. डोली बांधण्यास दोन दांडे, एक घोंगडी व आळीपाळीने खांदा देणारी आठ माणसे लागतात. ती गावातूनच मिळतात.